अकरावा अभिप्राय

वाचनालयाची एक जुनी पद्धत होती. नवं पुस्तक आलं की ग्रंथपालबाई त्याच्या शेवटच्या पुठ्ठ्याला आतून एक रेघांचा कागद चिकटवायच्या. वाचून झालं की त्यावर आपलं मत लिहायचं आणि खाली नाव घालायचं नाही. नाव घातलं की माणसं गोड गोड लिहितात, असं पूर्वीच्या कुठल्याशा ग्रंथपालाचं म्हणणं होतं. म्हणणं बरोबरच होतं. पण नाव नसलं की बाकीच्यांच्या पोटात दुखायला लागतं, हे त्या बिचाऱ्याच्या लक्षात आलं नसावं.

तर त्या वर्षी ते चार पेन्शनरांचं पुस्तक आलं. एक पोस्टमास्तर, एक शिवणबाई, एक दातांचा डॉक्टर आणि एक घड्याळजी. बागेतल्या कारंज्यात नगराध्यक्षाचं प्रेत सापडतं, पोलिसांना काही केल्या धागा लागत नाही, आणि हे चौघं चहा पीत, एकमेकांची खेचत, तीनशे पानांत खुनी हुडकून काढतात. पुस्तकावर नुसत्या उड्या पडल्या. पडणारच! बुधवारी दुपारी वाचनालयात जमणारी मंडळी सगळी सत्तरीच्या पुढची. आपल्यावाचून कुणाचं तरी अडलंय, असं सांगणारं पुस्तक त्या वयात कुणाला नको असतं?

दोन महिन्यांत शेवटचा कागद भरत आला. एकाने लिहिलं, 'रक्त नाही, शिव्या नाहीत, नातवंडांसमोर वाचता येतं.' दुसऱ्याने, 'अक्षर मोठं आहे, डोळ्यांना त्रास नाही.' तिसऱ्याने, 'खुनी कोण ते मला चाळिसाव्या पानावरच कळलं होतं, पण शेवटी दुसराच निघाला.' कुणी संतापून लिहिलं होतं, 'एकशे त्र्याण्णव पानावर खुन्याच्या नावाखाली पेनाने रेघ मारणाऱ्याचं कधी भलं होणार नाही.' आणि एकाने जरा भीत भीत, 'चौघांचे गुडघे एकदाही दुखत नाहीत, तेवढं खटकलं.' असे दहा झाले. मग अकरावा आला.

त्या बुधवारी हेडमास्तरांनी तो मोठ्याने वाचला. निवृत्त होऊन चौदा वर्षं झाली तरी कागद हातात आला की ते उभे राहूनच वाचायचे. मोठ्या टेबलाभोवती त्यांच्या उजवीकडे सिस्टर, म्हणजे सरकारी दवाखान्यातल्या जुन्या नर्स. समोर कंडक्टर, बोट ठेवून वाचणारे. आणि खिडकीपाशी सहीबाई. सहीबाई हे काही तिचं नाव नव्हे. बँकेत एकतीस वर्षं तिने सह्या ताडून बघितल्या, कागदावरची सही आणि नमुना कार्डावरची सही, दिवसाला दोन-दोनशे. म्हणून सगळे तिला सहीबाई म्हणायचे, आणि तिला ते आवडायचं.

"ऐका हं," हेडमास्तर म्हणाले. "'या पुस्तकातल्या चारही म्हाताऱ्यांकडे स्वतःच्या घराच्या किल्ल्या आहेत. तिथेच कळलं, की सगळं काल्पनिक आहे. आमच्याकडे सकाळी सगळे कामावर गेले की दाराला बाहेरून कुलूप लागतं. आत जेवणाचा डबा, वर चिठ्ठी: संपवणे. फोन कपाटात. कुणी दार वाजवलं तर आवाज द्यायचा नाही, शेजारी काय म्हणतील. सगळं काळजीपोटी, एकदा गॅस चालू राहिला होता ना! लेखकाला विनंती, पुढचा खून असल्या घरात करावा. आठ दिवस कुणाला पत्ता लागणार नाही. आणि घरचे सांगतील, अहो, कालपर्यंत डबा तर संपत होता.'"

सहीबाई खिडकीबाहेर बघायला लागली. कारण ते तिनेच लिहिलं होतं.

लिहिताना तिला काय वाटलं होतं, देव जाणे! आधीच्या बुधवारी कपाटांच्या मागे उभी राहून, पेन डाव्या हातात धरून, तिने ते एका दमात उतरवलं. तीन वर्षं पोटात साठलेलं. मुलगा वाईट नव्हता, हेच तर दुखणं होतं. वाईट असता तर कुणाकडे तक्रार तरी करता आली असती. विमा कंपनीत मोठा साहेब, बोलायला साखर, बुधवारी याच भागात त्याचं काम असायचं म्हणून तीनला आईला गाडीतून वाचनालयाच्या दारात सोडायचा आणि साडेपाचला न्यायचा. उतरताना हाताला धरायचा. वाचनालयाला दहा खुर्च्या त्यानेच दिल्या होत्या. "मुलगा असावा तर असा," सिस्टर दर बुधवारी म्हणायच्या, आणि सहीबाई दर बुधवारी हसायची.

एकदा, फक्त एकदा, तिने खिडकीतून शेजारणीला कुलपाचं सांगितलं होतं. शेजारणीने मुलाला विचारलं. तो चिडला नाही, आवाजसुद्धा चढवला नाही. "आई, तुला बाहेरच्या लोकांत काय बोलावं ते कळेनासं झालंय. काही दिवस घरीच आराम कर," एवढंच म्हणाला. आणि तीन महिने बुधवार बंद. त्या तीन महिन्यांत तिने भिंतीवरच्या प्रत्येक टवक्याशी ओळख करून घेतली होती. बुधवारचे ते अडीच तास पुन्हा गेले तर आपण वेड्या होऊ, हे तिला पक्कं माहीत होतं.

"हा गुन्हा आहे!" हेडमास्तर म्हणाले. त्यांच्या चेहऱ्यावर दुःख होतं, नाही असं नाही, पण त्या दुःखामागे डोळे चमकत होते. "आपल्यापैकी कुणीतरी कोंडलं जातंय. आणि आपण इथे बसून कारंज्यातल्या प्रेताच्या गप्पा मारतोय."

"शोधून काढू या," सिस्टर म्हणाल्या. "का नाही? पुस्तकातल्या चौघांना जमतं, आपल्याला का नाही जमणार?"

"बरोबर! ही आपली पहिली केस."

केस म्हणे! सहीबाईच्या मनात आलं, उठावं आणि तो कागद टराटरा फाडावा. पण फाडला की लिहिणारी कोण हे कळलंच असतं.

तेवढ्यात कंडक्टर बोलले. हा माणूस एरवी फारसा बोलायचा नाही. हात थरथरायचे, शर्टाची बटणं एक घर चुकून लागलेली असायची. चौतीस वर्षं बसमध्ये काढलेली, त्यामुळे खुर्चीतही पाय फाकवून, तोल सांभाळत बसायचे. "हेडसर, एक सांगू का?" ते म्हणाले. "नका शोधू. ज्याने लिहिलंय त्याने मन मोकळं केलं, संपलं. नाव लिहायचं असतं तर त्यानेच नसतं का लिहिलं? मला विनातिकीट बसलेला माणूस चेहऱ्यावरून कळायचा. पण प्रत्येकाला खाली उतरवायचा नसतो."

सहीबाईला वाटलं, उठून या माणसाचे पाय धरावेत.

हेडमास्तर आणि सिस्टर यांनी मात्र एकमेकांकडे बघितलं. त्या पुस्तकात, बाराव्या प्रकरणात, घड्याळजी म्हणतो की तपास नको म्हणणाऱ्यावर आधी नजर ठेवावी. झालं! कंडक्टर पाणी प्यायला बाहेर गेले आणि इकडे कुजबुज सुरू झाली.

"एकटा कधी येत नाही, बघितलंत?" सिस्टर म्हणाल्या. "सून आणून सोडते, सून घेऊन जाते. कैद्यासारखं!"

"आणि पाच मिनिटं उशीर झाला की म्हणतात, सूनबाई ओरडेल."

"कोपरावर काळंनिळं आहे. मी उभा जन्म वॉर्डात काढलाय, मला नका सांगू."

"पुस्तक दोनदा नेलंय. रजिस्टरात आहे."

सहीबाईलाही मुलगा आणून सोडायचा आणि मुलगाच घेऊन जायचा. पण तो गाडीतून. कंडक्टरची सून पायी यायची, घामाघूम, दवाखान्याच्या धुलाईघरातली पाळी संपवून. गाडीतून आणलं की प्रेम आणि पायी आणलं की कैद, असा हा हिशेब. कुणाच्या डोक्यात दुसरं काही आलंच नाही.

पुढच्या बुधवारी सहीबाई पोचली तर टेबलावर तयारी मांडलेली. पुस्तक शेवटच्या पानावर उघडं, शेजारी हजेरीचं रजिस्टर, आणि एक जुना अर्ज: 'मोठ्या अक्षरातली पुस्तकं आणावीत ही नम्र विनंती.' अर्ज कंडक्टरांच्या हातचा. ते स्वतः अजून यायचे होते. आणि सगळ्यांत वर, ग्रंथपालबाईंकडून मागून आणलेलं एक भिंग.

"या बाई, या!" हेडमास्तरांनी तिच्यासाठी खुर्ची ओढली. "आता सगळं तुमच्यावर. आमच्यात तज्ज्ञ म्हणावं असं माणूस तुम्हीच एक."

तज्ज्ञ! किती वर्षांनी तिला कुणी काही विचारत होतं. घरी तिला 'गोळी घेतलीस का' याच्यापलीकडे प्रश्न नसायचा. लाज वाटायची गोष्ट आहे, पण एवढ्या भीतीतही तिला आतून बरं वाटलं. तिने पदराने भिंग पुसलं आणि कागद उलटा फिरवला.

"उलटा का हो?" सिस्टरांनी विचारलं.

"शब्द वाचायचा मोह होऊ नये म्हणून. अक्षराच्या वळणाकडे बघायचंच नाही. वळणाची नक्कल कुणीही करतं. हात कुठे उचलला ते बघायचं."

बोलता बोलता तिने भिंगातून बघितलं. डावा हात वापरून काही लपलं नव्हतं. सहीबाई कधीही सलग शिरोरेघ मारत नसे. दोन अक्षरं झाली की रेघ मारायची, हात उचलायचा, पुढची दोन अक्षरं, पुन्हा रेघ. लहानपणापासूनची खोड. अकराव्या अभिप्रायात प्रत्येक शब्दावर ती रेघ तशीच तुटलेली होती. आणि कंडक्टरांचा अर्ज? पार उलटा. कापरा, वेडावाकडा, पण रेघ एकसंध, शब्दाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत. चालत्या गाडीत लिहिणारा माणूस पेन उचलत नाही, उचललं की अक्षर भरकटतं. बँकेत हे दोन कागद समोर आले असते तर अर्ध्या मिनिटात तिने शेरा मारला असता: जुळत नाही. एकतीस वर्षांत तिचा एकही शेरा चुकला नव्हता. साहेब लोकसुद्धा तिच्या टेबलापाशी येऊन उभे राहायचे.

"नक्की सांगता येत नाही," ती म्हणाली. "थरथरत्या हाताचं कठीण असतं."

"हरकत नाही," हेडमास्तर उत्साहाने म्हणाले. "मग पुस्तकातल्यासारखंच करू. बुधवारच्या सगळ्यांचे नमुने घेऊ. हाच मजकूर प्रत्येकाने लिहायचा, एकदा उजव्या हाताने, एकदा डाव्या. तुमच्या-माझ्यापासून सुरुवात. माझा भाचा पोलिसांत अक्षरतपासणीच्या खात्यात आहे, त्याच्याकडे पाठवून देतो."

सिस्टर लगेच कोरे कागद मोजायला लागल्या.

सहीबाईने पुन्हा भिंग डोळ्याला लावलं. तिला काही दिसत नव्हतं. दिसत होती ती फक्त बंद घरातली दुपार, ओट्यावरचा डबा आणि त्यावरची चिठ्ठी.

"थांबा," ती म्हणाली. "हे बघा, हा कंप. इथे आणि इथे. जुळतो."

"म्हणजे कंडक्टरच?"

"हात जुळतो," ती म्हणाली, आणि भिंग टेबलावर ठेवलं.

हेडमास्तरांनी तिचा हात दोन्ही हातांत घेऊन हलवला. सिस्टरांचे डोळे भरून आले. "बिचारा! आणि आपल्याला म्हणतो कसा, नका शोधू!" तेवढ्यात कंडक्टर आले, नेहमीसारखे हसले, सूनबाईने लावून दिलेली पिशवी खुर्चीला अडकवली आणि बोट ठेवून वाचायला लागले. त्या दिवशी सगळे त्यांच्याशी इतकं मऊ बोलत होते, की ते दोनदा म्हणाले, "अहो, मला काय झालंय?"

सहीबाईने मनाशी म्हटलं, होऊन होऊन काय होईल? हे दोघं कंडक्टरांच्या घरी जातील, दोन शब्द बोलतील. तो नाही म्हणेल. विषय संपेल. माणूस स्वतःला असं काय काय समजावतो!

ते दोघं शनिवारी गेले. फळं घेऊन गेले. कंडक्टरांची खोली तळमजल्यावर, समोर सार्वजनिक नळ, तिथे बायकांची गर्दी. हेडमास्तरांनी दारात उभं राहून, वर्गात बोलावं तशा आवाजात, सुनेला सुनावलं. वृद्धांना कोंडून ठेवणं हा गुन्हा आहे. आम्हाला सगळं कळलंय. लेखी पुरावा आहे, तज्ज्ञांनी तपासलेला. सिस्टरांनी कंडक्टरांची बाही वर करून सगळ्यांना कोपर दाखवलं. कंडक्टर म्हणत राहिले, "अहो, मी न्हाणीघरात घसरलो! मी नाही लिहिलं काही!" त्यावर हेडमास्तरांनी त्यांच्या खांद्यावर थोपटलं. त्रास भोगणारा माणूस पहिल्यांदा नाहीच म्हणतो, असं पुस्तकात होतं.

आणि रविवारी सकाळी कंडक्टरांची सून सहीबाईच्या दारात उभी राहिली.

मुलगा पेपर वाचत होता. त्याच्या बायकोने दार उघडलं, पाहुणीला बसवलं, पाणी दिलं. पाहुणी खुर्चीच्या कडेवर बसली. धुलाईघरातल्या औषधांनी तिच्या बोटांची सालं निघालेली होती. रात्रभर रडली असावी, डोळे सुजलेले होते.

"काकू, मी जास्त वेळ नाही घेत," ती म्हणाली. "हेडसर म्हणाले, अक्षर तुम्ही तपासलंत."

"काय झालं? कसलं अक्षर?" मुलाने पेपर खाली ठेवला.

तिने फोन पुढे केला. हेडमास्तरांकडून घेतलेला त्या पानाचा फोटो होता. मुलाने तो घेतला आणि मोठ्याने वाचायला लागला. आता कळणार. पहिल्याच ओळीला कळणार.

"'आमच्याकडे सकाळी सगळे कामावर गेले की दाराला बाहेरून कुलूप लागतं,'" मुलगा वाचत होता. "अरेरे! 'आत जेवणाचा डबा, वर चिठ्ठी: संपवणे.'"

ती चिठ्ठी तोच लिहायचा. रोज, त्याच एका शब्दात, निघायच्या घाईत. सहीबाई त्याच्या तोंडाकडे बघत राहिली. आणि काय सांगावं, एका क्षणापुरती तिची भीती पळाली आणि तिला वाटायला लागलं, थांब रे! थांब, एकदा तरी अडखळ. तुझाच शब्द आहे तो. बुधवार गेला तर जाऊ दे, पण तुला कळू दे.

तो थांबला नाही. स्वच्छ आवाजात शेवटपर्यंत वाचलं, जीभ चुकचुकली आणि फोन परत दिला. "शी! काय एकेक घरं असतात," तो म्हणाला. त्याची बायको मात्र भिंतीला टेकून उभी होती, आणि तिची नजर सासूवरून हलत नव्हती.

"आमच्या घरात कुलूप नसतं हो साहेब," पाहुणी म्हणाली. "समोरच्या मावशी येऊन बसतात त्यांच्याजवळ. पण ते जाऊ द्या." ती सहीबाईकडे वळली. "काकू, बाबा म्हणतात, मी नाही लिहिलं. नातवाच्या डोक्यावर हात ठेवून म्हणाले. मला त्यांचं खरं मानायचंय. सहा वर्षं झाली, मी त्यांना न्हाऊमाखू घालते, दाढी करून देते, कामावर जायच्या आधी भरवून जाते. मी ओरडते, खरंय, जिभेला लगाम नाही माझ्या. पण मी मनाने तशी नाही. आता नळावर पाण्याला गेले की बायका बाजूला होतात. म्हणून विचारायला आले. तुम्ही एकदा म्हणा, की तो हात त्यांचा नाही. मी सगळ्यांना तोंड देईन. पण तो हात त्यांचाच असेल, तर मला त्यांचं तोंड बघवणार नाही. मोठे दीर न्यायला तयार आहेत. उद्याच पाठवते."

"दीर कुठे राहतात?" सहीबाईने विचारलं.

"चौथ्या मजल्यावर. लिफ्ट नाही." पाहुणीने डोळे पुसले. "एकदा वर चढले की बाबा परत खाली यायचे नाहीत, मला माहीत आहे. म्हणून तर विचारतेय. खरं काय ते सांगा. जुळतो हात?"

सगळे सहीबाईकडे बघत होते. एक शब्द, बस. 'नाही.' तो म्हटला की पुढचा प्रश्न येणार होता, मग कुणाचा? आणि मुलगा इथेच बसलेला होता, दोन हातांवर. सहीबाईच्या सुनेला तर कळलंच होतं. तिने ओठ घट्ट मिटले होते, आणि सासू काय म्हणते याची ती वाट बघत होती.

"जुळतो," सहीबाई म्हणाली.

पाहुणीने फोन पिशवीत टाकला, "बरं" म्हणाली आणि उठली. दारापाशी तिने मागे वळून हात जोडले, उगाच, सवयीने. जिन्यावरून तिच्या चपलांचा आवाज खाली गेला.

"बघ आई," मुलगा पेपर उचलत म्हणाला, "मला तिची दयाच आली. इतकं करायचं आणि वर हे ऐकायचं. म्हातारी माणसं घरच्यांची कशी बदनामी करतात बघ. तू नाही हं असं कधी करणार."

"नाही रे."

"पण तुम्ही लोकांनी चांगलं काम केलंत हं. मला वाटायचं, तिथे नुसत्या गप्पा मारता. तुझं डोकं अजून इतकं चालतं, मला कल्पनाच नव्हती." तो खरंच खूश होता. "हवं तर बुधवारी सहापर्यंत थांबत जा. मी उशिरा येईन न्यायला. काय?"

सून आत निघून गेली. सहीबाई खुर्चीत बसून राहिली. सहा वाजेपर्यंत. म्हणजे अर्धा तास जास्त. कंडक्टरांचं सामान एव्हाना बांधून होत आलं असेल, बटणं कोण लावून देईल त्यांची तिकडे, असं काहीबाही तिच्या डोक्यात येत होतं. स्वतःची इतकी किळस तिला जन्मात कधी आली नव्हती. पण तिचं मन त्या अर्ध्या तासात काय काय करता येईल ते मोजायला लागलंसुद्धा होतं, आणि ते काही केल्या थांबेना.

"बरं," ती म्हणाली. "सहाला ये."